फेरफार नोंद

जमिनीवरील हक्कात झालेला बदल गावाच्या महसुली दप्तरात अनुक्रमाने नोंदवणारी अधिकृत नोंद. ती महाराष्ट्रात गाव नमुना ६ म्हणजेच फेरफार नोंदवहीत केली जाते.

मुंबई इलाख्यात अधिकार अभिलेखाची, म्हणजे जमिनीवरील हक्कांच्या दप्तराची, कायदेशीर तरतूद १९०३ च्या अधिनियमाने झाली. आज फेरफाराची नोंद महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १४९ व १५० नुसार होते (पहा : अधिकार अभिलेख).

खरेदी, वारसा, वाटणी, गहाण, बक्षीस अशा कारणांनी हक्क मिळाल्यास, तो नोंदणीकृत दस्ताने मिळालेला नसेल तर, तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला कळवावे लागते. तलाठी नोंद घेतो, चावडीवर तिची प्रत लावतो व हितसंबंधितांना नोटीस देतो (पहा : तलाठी). हरकत आल्यास प्रकरण गाव नमुना ६-अ मध्ये, म्हणजे विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत जाते. चौकशीनंतर मंडल अधिकारी नोंद प्रमाणित किंवा नामंजूर करतो.

प्रमाणित नोंदीचा क्रमांक सातबाऱ्यावर येतो (पहा : सातबारा उतारा). या क्रमांकांवरून मागे जात एका गटाच्या धारकांची अनेक पिढ्यांची साखळी जुळवता येते. त्यामुळे वारसाहक्काचे दावे, भूसंपादनाचा मोबदला, कूळहक्क व स्थानिक इतिहास यांसाठी जुने फेरफार हा महत्त्वाचा पुरावा ठरतो (पहा : कूळकायदा).

प्रमाणित नोंद कलम १५७ नुसार विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते. मात्र तिच्यामुळे मालकी हक्क निर्माण होत नाही. मालकीच्या वादाचा निर्णय दिवाणी न्यायालय देते.