झेंडूचे मूळ गाव

दसऱ्याला दारावर झेंडूचे तोरण नाही असे घर आमच्या वर्धा जिल्ह्यात शोधूनही सापडायचे नाही. ट्रॅक्टर, सायकल, शिलाई मशीन, दुकानातला गल्ला, सगळ्यांच्या गळ्यात झेंडू. त्यामुळे हे फूल रामाच्या काळापासून आपल्याकडे आहे अशी पुष्कळांची समजूत असते, आणि टीव्हीवरच्या पौराणिक मालिकांतले सजवलेले राजवाडे पाहून ती आणखी पक्की होते. इतिहास शिकवण्यात जन्म गेलेल्या माणसाला हे खटकतेच. पवनारला विनोबांच्या आश्रमाच्या जागेत खोदताना वाकाटकांच्या काळातली शिल्पे सापडली. ती घडवणाऱ्या कारागिरांनी कमळ पाहिले असेल, झेंडू पाहणे शक्यच नव्हते.

झेंडूचे मूळ गाव मेक्सिको. तिथले अ‍ॅझ्टेक लोक त्याला सेंपोआलशोचित्ल म्हणत, म्हणजे वीस फूल, बहुत पाकळ्यांचे. 1521 मध्ये स्पॅनिश लोकांनी त्यांचे राज्य बुडवले आणि तिथली झाडे, बिया, फुले जगभर निघाली. आपल्याकडे झेंडू पोर्तुगीजांबरोबर आला असे मानतात. इंग्रजांनी त्याला ‘आफ्रिकन मेरिगोल्ड’ म्हटले, वास्तविक आफ्रिकेशी त्याचा जन्माचा काही संबंध नाही. मेक्सिकोत आजही 1 आणि 2 नोव्हेंबरला मृतांच्या स्मरणाचा सण असतो, त्या दिवशी घरोघरी आणि थडग्यांवर याच फुलांची रास घालतात. आपल्याकडेही तोरणाला तोच आणि तिरडीलाही तोच, हे कोणी बोलून दाखवत नाही इतकेच.

आता खरी गंमत पुढे आहे. मेक्सिको शहर विषुववृत्ताच्या उत्तरेला साधारण 19 अंशांवर, आपले वर्धे पावणेएकवीस अंशांवर. तिथेही पावसाळा जून ते सप्टेंबर. झेंडू पावसात वाढतो आणि दिवस लहान होऊ लागले की फुलावर येतो. म्हणजे मुक्काम बदलला, पण त्याचे पंचांग बदलावे लागले नाही. अमेरिकेत राहणाऱ्या मुलाबाळांकडून हौशी मंडळी तिकडच्या एकिनेशियाचे बी आणतात. तेही सूर्यफुलाच्याच कुळातले, मधोमध शंकूसारखे बोंड असलेले देखणे फूल. पण ते थंड गवताळ मुलखातले; रुजण्याआधी त्याच्या बियांना ओलसर थंडीचा काळ लागतो. तो आमच्याकडे कुठून आणायचा? मग फ्रिजमध्ये बी ठेवण्याचा खटाटोप. झेंडूला मृगाचा पाऊस पुरतो.

लावायचे कधी, तर दसऱ्यापासून मागे मोजावे. रोप तयार व्हायला 25 ते 30 दिवस, लावल्यापासून फूल यायला साधारण दोन महिने. अडचण एकच, फूल चालते सूर्यावर आणि दसरा चालतो चंद्रावर. 2025 चा दसरा 2 ऑक्टोबरचा, तर ज्येष्ठ अधिक असल्यामुळे 2026 चा 20 ऑक्टोबरचा. पहिल्यासाठी जूनच्या अखेरीला गादीवाफ्यावर बी पडायला हवे, दुसऱ्यासाठी जुलैचा पहिला पंधरवडा चालतो. आमची काळी जमीन पाणी धरून ठेवते आणि झेंडूची मुळे कुजतात, म्हणून सपाट वाफ्यात न लावता वरंब्यावर, दीड-दोन फुटांवर एकेक रोप लावावे. तीन-चार आठवड्यांनी शेंडा खुडावा. बायकांना हे जिवावर येते, पण खुडल्याशिवाय फांद्या फुटत नाहीत.

एका स्नेह्यांनी मला विचारले, ‘गुरुजी, गांधी-विनोबांच्या जिल्ह्यात परदेशी फूल देवाला चालते कसे?’ गांधीजी स्वतः फुलांच्या हारापेक्षा सुताचा हार पसंत करत, हे खरे. पण मग सुताचेच विचारावे लागेल. आज आमच्या वावरात उभी असलेली पऱ्हाटी बहुतेक सगळी अमेरिकन जातीची, तिचे मूळही झेंडूच्याच मुलखातले, मेक्सिकोकडचे. हिंगणघाटचा ‘बनी’ कापूस एकेकाळी इंग्रज व्यापाऱ्यांत नावाजलेला होता. तो देशी वाण शेतातून गेला. त्याची मला हळहळ वाटते, झेंडूबद्दल वाटत नाही. कापसात एकाने दुसऱ्याला हुसकून लावले. झेंडू मात्र आंब्याच्या डहाळ्यांच्या शेजारी येऊन बसला, डहाळी काही खाली उतरली नाही. आपट्याचे सोने आजही आपट्याचेच आहे.

शिवाय तो राबतोही. धुऱ्याजवळ किंवा टमाट्याच्या ओळींमध्ये झेंडू लावला की बोंडअळीचा पतंग त्याच्याकडे ओढला जातो, आणि मुळांतल्या द्रव्यामुळे जमिनीतल्या सूत्रकृमींना आळा बसतो. दर सोळा ओळी टमाट्याला एक ओळ झेंडू, असे प्रमाण सांगतात. मात्र झेंडूचे रोप चाळीस दिवसांचे आणि टमाट्याचे पंचवीस दिवसांचे असावे, म्हणजे दोघे एकदम फुलावर येतात.

दसऱ्याच्या संध्याकाळी बाजारात उरलेली फुले रस्त्याच्या कडेला ढिगाने टाकलेली दिसतात. तेव्हा सगळी झाडे एकदम ओरबाडून रिकामी करू नयेत. जुनी फुले खुडत राहिले आणि थोडे पाणी दिले, तर तीच झाडे दिवाळीलाही फुले देतात.