ओजुएलेग्बाचा चौक

दोन कलावंत एका बैठकीस बसले म्हणजे जाणता श्रोता मनाशी एक प्रश्न विचारतोच: मुख्य गाणारा कोण आणि साथीला कोण? नायजेरियातील अफ्रोबीट्स संगीताचा गेल्या वीस-पंचवीस वर्षांचा इतिहास पाहताना आम्हांस हाच प्रश्न कळीचा वाटतो. अमेरिकेतील रॅपचे, म्हणजे तालावर शब्द बोलत जाण्याच्या कलेचे, बडे बडे कलावंत या गाण्यांत आणि त्यांच्या चित्रफितींत आले. पण यजमान कोण ठरला?

आधी नावाचा घोळ निस्तरला पाहिजे. अफ्रोबीट हे फेला कुटीचे, १९७० च्या दशकातले संगीत. योरुबा ताल, जॅझ, टोनी ॲलनचा अजोड ड्रम, पंधरा-वीस मिनिटे चालणारी गाणी आणि लष्करी राजवटीवर उघड प्रहार! त्याचा मोबदला १९७७ साली मिळाला. सैनिकांनी त्याचे घर जाळले, वृद्ध आईला खिडकीतून खाली फेकले. अफ्रोबीट्स हे पुढच्या पिढीचे, नाचाचे आणि आटोपशीर गाणे. नावात एका अक्षराचा फरक, स्वभावात पुष्कळच. पाहुण्यांविषयीचा संशय मात्र फेलापासूनचा आहे. १९७३ साली पॉल मॅकार्टनी ध्वनिमुद्रणासाठी लागोसला आला, तेव्हा हा आमचे संगीत चोरावयास आला आहे, असा आरोप फेलाने केला होता. मॅकार्टनीला आपले ध्वनिमुद्रण ऐकवून त्याची समजूत काढावी लागली.

१९९२ नंतर नायजेरियात खाजगी प्रक्षेपणास वाट मिळाली. २००५ साली एम्‌टीव्ही बेस ही संगीतवाहिनी आफ्रिकेत सुरू झाली आणि चित्रफितीचे महत्त्व वाढले. लागोसच्या बाजारात चोरट्या तबकड्यांचा सुळसुळाट. तेव्हा गायकाचे पोट जलशांवर, आणि जलशाची जाहिरात म्हणजे चित्रफीत. अशा व्यवहारात अमेरिकन चेहऱ्याला भाव आला नसता तरच नवल. २०११ साली डीबँजच्या एका गाण्याच्या नव्या आवृत्तीत स्नूप डॉग आला. पुढे २०१२ मध्ये ‘ऑलिव्हर ट्विस्ट’ची चित्रफीत निघाली. तीत कान्ये वेस्ट, बिग शॉन, पुशा टी दिसतात. पण गाण्यात त्यांचे एकही कडवे नाही! ते आले ते केवळ दिसण्यासाठी. लग्नाच्या मांडवात कलेक्टरसाहेबांना पहिल्या रांगेत बसवावे, तसलाच हा प्रकार. गाणे मात्र डीबँजचेच होते, आणि ते ब्रिटनच्या यादीत नवव्या क्रमांकापर्यंत गेले, हे विसरून चालणार नाही.

याच्या उलट उदाहरण विझकिडचे. ओजुएलेग्बा हा लागोसच्या सुरुलेरे भागातला गजबजलेला चौक. १९७५ साली फेलाने ‘कन्फ्यूजन’ या गाण्यात, चारी बाजूंनी गाड्या घुसतात आणि मध्ये पोलीस नाही, असे या चौकाचे वर्णन करून साऱ्या देशाच्या अनागोंदीवर बोट ठेवले होते. सुरुलेरेतच वाढलेल्या विझकिडने २०१४ साली त्याच चौकाच्या नावाने गाणे केले. त्यात उमेदवारीच्या दिवसांची आठवण आहे. क्लॅरेन्स पीटर्सने, जुजू संगीतातील नामवंत शायना पीटर्सच्या मुलाने, त्याची चित्रफीत केली. तीत उसने महाल नाहीत, लागोसचा रस्ता आहे. २०१५ च्या जुलैत कॅनडाचा ड्रेक आणि लंडनचा स्केप्टा या गाण्यात सामील झाले. स्केप्टाचे आईबाप नायजेरियन, तेव्हा तो अर्धा घरचाच. पण ड्रेकसारख्याला लागोसच्या एका चौकाच्या नावाखाली गावे लागले, ही गोष्ट आम्ही मोठी मानतो.

तथापि पारडे लगेच फिरले असे नाही. २०१६ मध्ये ड्रेकच्या ‘वन डान्स’मध्ये विझकिड पाहुणा झाला. ते गाणे अमेरिकेत दहा आठवडे पहिल्या क्रमांकावर होते. पण त्यात विझकिडचा आवाज कान देऊन शोधावा लागतो. नाव झाले, जागा आखूड मिळाली. २०२० च्या ‘एसेन्स’मध्ये मात्र त्याच्या जोडीला टेम्स ही लागोसचीच गायिका होती. ते अमेरिकन यादीत २०२१ च्या जुलैत शिरले, आणि जस्टिन बीबर त्यात आपला आवाज मिसळावयास आला तो त्यानंतर, ऑगस्टमध्ये.