२९ मे १९७८ : पान्सोसच्या चौकात गोळीबार

ग्वाटेमालातल्या आल्ता वेरापास प्रांतातील पान्सोस गावात २९ मे १९७८ रोजी केक्ची माया शेतकरी जमिनीचा हक्क मागायला जमले. बायका, मुले, म्हातारी माणसेही सोबत होती. नगरपालिकेसमोरच्या चौकात सैनिकांनी त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. सत्यशोधन आयोगाने पुढे ५३ मृत आणि ४७ जखमी नोंदवले. मोर्चाच्या अग्रभागी असलेल्या अदेलिना काल याही मृतांत होत्या. नातवंडे असलेल्या या आजींना लोक ‘ममा माकिन’ म्हणत. प्रेते ट्रकमध्ये भरून गावाबाहेर एकाच खड्ड्यात पुरली गेली.

ही माणसे परक्याचे काही मागत नव्हती. ज्या मातीत त्यांच्या पिढ्यांनी मका पिकवला, तिचा कागद त्यांना हवा होता. पान्सोस ही पुढच्या संहाराची नांदी ठरली. ग्वाटेमालाच्या यादवीत दोन लाखांहून अधिक माणसे मारली गेली किंवा बेपत्ता झाली. ओळख पटलेल्या बळींपैकी ८३ टक्के माया होते, असे आयोगाने १९९९ मध्ये नोंदवले.

तरीही आवाज दबला नाही. मेक्सिकोत आश्रय घेतलेल्या ग्वाटेमालाच्या स्त्रियांनी १९९० मध्ये संघटना उभारली आणि तिला नाव दिले ‘ममा माकिन’. मायदेशी परतताना त्यांनी जमिनीवर बायकांचाही हक्क मागितला. १९९७ मध्ये पान्सोसचा तो खड्डा उकरला गेला आणि पुढे हाडे आप्तांच्या हाती आली. जमिनीचा प्रश्न मात्र सुटला नाही. पान्सोस ज्या पोलोचिक खोऱ्यात आहे, त्याच खोऱ्यातून २०११ मध्ये शेकडो केक्ची कुटुंबांना हुसकावले गेले. म्हणूनच पान्सोस विसरता येत नाही.