दोन पाडवे, एक संवत्सर

पुणे-नगर रस्त्यावर कोरेगाव भीमा मागे टाकले की सणसवाडी लागते. शिरूर तालुक्यातले हे शेतीवर जगणारे गाव गेल्या काही दशकांत कारखान्यांचे गाव झाले. पाळी सुटल्यावर चहाच्या टपरीवर उभे राहिले तर देशाच्या कितीतरी भाषा कानांवर पडतात. अशा गावात चैत्र महिना आला की एक प्रश्न हमखास निघतो. आपला पाडवा तर होऊन गेला, मग शेजारच्या खोलीतल्या तमिळ कुटुंबाचे नवे वर्ष १४ एप्रिलला कसे?

याचे उत्तर आकाशात आहे. आपला महिना चंद्राचा. अमावास्या संपली की नवा महिना सुरू होतो आणि असे बारा महिने साधारण ३५४ दिवसांत पुरे होतात. सूर्याच्या वर्षापेक्षा हे अकरा दिवसांनी कमी. म्हणून पाडवा दरवर्षी मागे सरकतो आणि अधिक मास आला की पुन्हा पुढे येतो. २०२४ साली गुढी ९ एप्रिलला उभारली, २०२५ मध्ये ३० मार्चला, तर २०२६ चा पाडवा १९ मार्चचा. तमिळ महिना मात्र सूर्याचा. सूर्य मेष राशीत शिरला की चित्तिरै महिन्याचा पहिला दिवस, तोच पुत्तांडु, म्हणजे नवे वर्ष. तो बहुधा १४ एप्रिललाच येतो. केरळचे विशू, पंजाबची बैसाखी, आसामचा बिहू, बंगालचा पोयला बैशाख हे सगळे याच मेषसंक्रांतीच्या आसपासचे सण.

आता गंमत पाहा. दिवस वेगळा असला, तरी वर्षाचे नाव एकच. प्रभवादी साठ संवत्सरांची माळ आपल्या पंचांगात आहे, तीच तमिळ पंचांगातही आहे. २०२५ मध्ये सुरू झालेले वर्ष आपल्याकडे विश्वावसू, तिकडेही विश्वावसूच. उत्तर भारतात मात्र गुरूच्या गतीवरून मोजणी होते, म्हणून तिथे त्याच वर्षाला दुसरे नाव असते.

स्वयंपाकघरात तर हे नाते आणखी जवळचे. आपण पाडव्याला कडुलिंबाचा कोवळा पाला गूळ, जिरे, ओवा घालून वाटतो. तमिळ घरांत त्या दिवशी कैरी, गूळ, मिरची, मीठ आणि कडुलिंबाची फुले घालून पच्चडी करतात. वर्षात गोड, आंबट, तिखट, कडू सगळेच वाट्याला येणार, ते पहिल्याच दिवशी चाखून ठेवायचे. दारात तांदळाच्या पिठाचे कोलम काढतात. काही भागांत, विशेषतः केरळला लागून असलेल्या जिल्ह्यांत, आदल्या रात्री ताटात फळे, फुले, विड्याची पाने, दागिना, नाणी आणि आरसा मांडून ठेवतात. सकाळी डोळे उघडताच पहिले दर्शन त्याचे. पुढे देवळात किंवा घरी पंचांगवाचन होते. पाऊस किती, पीक कसे, याची उत्सुकता इकडच्या शेतकऱ्याला तितकीच तिकडच्या.

सणसवाडीच्या परिसराला तमिळ मुलखाची ओळख कारखान्यांमुळे झाली असे मात्र समजू नका. ती फार जुनी आहे आणि दुःखाची आहे. इथून जवळच वढू बुद्रुकला छत्रपती संभाजी महाराजांची समाधी आहे. ११ मार्च १६८९ रोजी, फाल्गुन वद्य अमावास्येला, औरंगजेबाने त्यांची हत्या केली. दुसऱ्या दिवशी चैत्र शुद्ध प्रतिपदा होती. त्या वर्षीच्या पाडव्यावर केवढी छाया असेल, याची कल्पनाच करावी. त्यानंतर राजाराम महाराज दक्षिणेकडे निघाले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस जिंजीला पोहोचले. हा किल्ला शिवाजी महाराजांनी १६७७ मध्येच घेऊन ठेवला होता. पुढची सुमारे आठ वर्षे स्वराज्याचा कारभार तमिळ मुलखातून चालला. १६९८ मध्ये जिंजी मोगलांच्या हाती पडली, पण तोवर मराठी राज्य तगले होते. २०२५ मध्ये युनेस्कोने मराठा लष्करी स्थापत्याचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले. त्यांतला महाराष्ट्राबाहेरचा एकमेव किल्ला जिंजीच.

तंजावरला तर व्यंकोजीराजांच्या घराण्याने १८५५ पर्यंत गादी चालवली. दुसऱ्या सरफोजीराजांनी वाढवलेल्या सरस्वती महाल ग्रंथालयात मोडी कागदांचे गठ्ठे आहेत. बृहदीश्वराच्या भिंतीवर भोसले वंशाचा इतिहास मराठीत कोरलेला आहे. घरात मराठी आणि बाजारात तमिळ बोलणारी कुटुंबे आजही तिथे आहेत. चैत्र आणि चित्तिरै अशा दोन्ही महिन्यांशी त्यांचा व्यवहार पिढ्यान्‌पिढ्यांचा आहे.

नवे वर्ष कोणत्या दिवशी, हा प्रश्न वाटतो तितका साधा नाही. २००८ साली तमिळनाडू सरकारने कायदा करून वर्षारंभ तै महिन्याच्या पहिल्या दिवशी, म्हणजे पोंगलला नेला. साठ संवत्सरांची नावे संस्कृत आहेत, तमिळांची कालगणना वेगळी आहे, असा त्यामागचा एक विचार होता. दुसऱ्या बाजूचे लोक ‘नेडुनल्वाडै’ या संगमकालीन काव्यातल्या मेष राशीच्या उल्लेखाकडे बोट दाखवीत. सरकार बदलले आणि २०११ मध्ये तो कायदा रद्द झाला. मधल्या वर्षांतही घराघरांत चित्तिरैची पच्चडी होतच राहिली. सरकारी वर्ष कायद्याने हलवता येते, पण घरातल्या सणाला तो कायदा सहज लागू होत नाही.

आपल्याकडेही तसेच झाले. मेघनाद साहा यांच्या समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ पासून भारताने राष्ट्रीय सौर दिनदर्शिका स्वीकारली. तिचा चैत्र २२ मार्चला, लीप वर्षी २१ मार्चला सुरू होतो. आकाशवाणीवर ‘भारतीय सौर’ अशी तारीख आपण वर्षानुवर्षे ऐकत आलो. पण त्या दिवशी गुढी कोणी उभारली नाही. शास्त्र अचूक होते, तरी त्याला आजीच्या हातचा कडुलिंब जोडलेला नव्हता.

सणसवाडीतल्या तमिळ कामगाराचे नवे वर्ष १४ एप्रिलला येते. महाराष्ट्रात त्या दिवशी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची जयंती, म्हणून सुट्टी असते. गावापासून शेकडो मैल दूर राहणाऱ्या माणसाला, खोलीवर कैरी आणि गूळ आणून सण करायला तेवढी सवड पुरते. शेजाऱ्याने दार ठोठावून शुभेच्छा दिल्या, तर त्याला आपल्या माणसांत आल्यासारखे वाटेल. फार काही बोलावे लागत नाही. कडुलिंबाची चव दोघांनाही ठाऊक आहेच.