न जन्मलेल्या प्रेक्षकासाठी

दूरच्या भविष्यातील एखाद्या अंतराळगामी संस्कृतीचे सर्वांत प्रसिद्ध चित्र कोणते असेल, ही कल्पना विज्ञानकथेला नेहमीच मोह घालते. मराठीत जयंत नारळीकरांच्या ‘वामन परत न आला’ या कादंबरीत हा प्रश्न दुसऱ्या बाजूने येतो. तेथे जमिनीखाली दडलेला एका लुप्त, प्रगत संस्कृतीचा ठेवा आपल्या हाती लागतो आणि तो वाचायचा कसा, येथून सारे सुरू होते. कथेतला हा पेच 1977 साली काही माणसांना प्रत्यक्षात सोडवावा लागला. फरक इतकाच की त्या वेळी ठेवा पुरणारे आपण होतो आणि वाचणारा कोण, हे कोणालाच माहीत नव्हते.

त्या वर्षी 20 ऑगस्टला व्हॉयेजर 2 आणि 5 सप्टेंबरला व्हॉयेजर 1 ही याने निघाली. दोघांवर सोन्याचा मुलामा दिलेली बारा इंची तांब्याची एकेक तबकडी आहे. कार्ल सेगन यांच्या समितीने तीत सुमारे 90 मिनिटांचे संगीत, 55 भाषांतील अभिवादने आणि शंभरावर चित्रे भरली. चित्रे म्हणजे खरे तर ध्वनीच्या लहरी. वाचणाऱ्याने त्या लहरींच्या 512 रेघा करून त्या शेजारी शेजारी मांडल्या तर प्रतिमा उमटते. हे परक्याला कळणार कसे? म्हणून पहिली प्रतिमा एका साध्या वर्तुळाची ठेवली आणि तेच वर्तुळ तबकडीच्या वेष्टनावर कोरले. वर्तुळ वर्तुळासारखे दिसले तर वाचन बरोबर; लंबगोल दिसले तर पुन्हा प्रयत्न करावा. चित्राने आपल्या वाचकाची परीक्षा स्वतःच घ्यावी, ही कल्पना मला त्या साऱ्या प्रकल्पात सर्वांत सुंदर वाटते.

पण या प्रतिमांत जगातले एकही प्रसिद्ध रंगचित्र नाही. ताजमहालाचे छायाचित्र आहे, डीएनएची आकृती आहे, न्यूटनच्या ग्रंथाचे पान आहे. अजिंठा नाही, रेम्ब्रांट नाही. संगीताला मात्र मुक्तद्वार होते. बाख, बीथोवन यांच्याबरोबर केसरबाई केरकरांची भैरवीही त्या तबकडीवर आहे. गोव्यातील केरी गावी 1892 साली जन्मलेल्या, अल्लादियाखाँसाहेबांची कठोर तालीम घेतलेल्या केसरबाई ध्वनिमुद्रणाबाबत फारशा उत्साही कधीच नव्हत्या. व्हॉयेजर 1 निघाल्यावर अकराव्या दिवशी, 16 सप्टेंबर 1977 रोजी, त्यांचे मुंबईत निधन झाले. त्यांचा सुमारे साडेतीन मिनिटांचा आवाज 2012 पासून आंतरतारकीय अवकाशात आहे.

अभिवादनांत मराठी आहे, याचा आपल्याला अभिमान वाटतो, वाटावाही. परंतु हा समावेश कसा झाला हे पाहिले की अभिमानाला थोडा आवर बसतो. अभिवादने प्रामुख्याने कॉर्नेल विद्यापीठाच्या परिसरात, घाईघाईने, तेथे उपलब्ध असलेल्या माणसांकडून मुद्रित करून घेतली गेली. मराठी, गुजराती, तेलुगू, कन्नड बोलणारे तेथे होते. भिली बोलणारे कोणी नव्हते, म्हणून भिली नाही. पृथ्वीचा आवाज म्हणून जे गेले तो बऱ्याच अंशी एका विद्यापीठाच्या गावातील योगायोग आहे. कोणताही दस्तऐवज वाचताना विद्यार्थ्यांना आपण हेच सांगत असतो, की काय नोंदले गेले यासोबत मायक्रोफोनजवळ कोण उभे होते तेही विचारा.

तळोद्यात बसून ही अनुपस्थिती अधिक ठळक जाणवते. येथून उत्तरेला सातपुडा, त्यापलीकडे नर्मदा आणि तिच्याही पलीकडे छोटा उदेपूर, अलीराजपूरचा मुलूख. तेथील राठवा समाजात नवस फेडण्यासाठी घराच्या भिंतीवर पिठोरा लिहिला जातो. कुमारिका भिंत शेणामातीने व पांढऱ्या मातीने सारवतात. रंग दुधात आणि मोहाच्या दारूत कालवतात. लखारा घोड्यांची मिरवणूक उभी करतो, कारण ते देवाचे लग्न आहे. एवढ्याने मात्र चित्र पूर्ण होत नाही. मग बडवो येतो, अंगात आलेल्या अवस्थेत एकेक आकृती ओळखतो, तिचे नाव घेतो, आणि काही राहिले असेल तर ते लखाऱ्याकडून काढून घेतले जाते. तोवर ती भिंत नुसती रंगवलेली असते.

व्हॉयेजरच्या वर्तुळाचे काम येथे एक जिवंत माणूस करतो, हे लक्षात घ्यावे. चित्रासोबत वाचनाची किल्ली देण्याची गरज दोन्हीकडे ओळखलेली आहे. एकाने ती धातूत कोरली, दुसऱ्याने माणसाच्या स्मरणात ठेवली. आणि पिठोरा जुनाट मुळीच नाही. देवांच्या घोड्यांच्या गर्दीत विमान आणि आगगाडीही काढलेली आढळते. जे जगात आले ते लग्नाच्या वरातीत आले, इतका तो हिशेब सरळ आहे. उद्या तेथे अग्निबाण दिसला तर मला नवल वाटणार नाही.

धातू गंजत नाही, भिंत मात्र बुडते. सरदार सरोवरामुळे महाराष्ट्रातील अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतील 33 गावे बाधित झाली. त्यांतील अनेक कुटुंबांचे पुनर्वसन तळोदा तालुक्यात झाले; त्यांना शेतजमीन मिळावी म्हणून येथील वनजमीन मोकळी करण्यात आली. मध्य प्रदेश आणि गुजरातमधील गावेही बुडाली. पुनर्वसनाच्या कागदांत घर मोजले जाते, शेत मोजले जाते, झाडेही मोजली जातात. भिंतीवरचे देव कोणत्या रकान्यात लिहायचे? ते पुन्हा लिहिता येतात, हे खरे. त्यासाठी लखारा आणि बडवो दोघेही पोहोचण्याइतक्या अंतरावर असावे लागतात आणि गावे विखुरली की तेच अंतर वाढते.

भिंतीवरून कागदावर येणे हा दुसरा मार्ग. आपल्या वारली चित्रकलेने तो 1970 च्या दशकात स्वीकारला. जिव्या सोमा मशे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 1976 साली, म्हणजे सेगन यांची तबकडी घडण्याच्या आदल्या वर्षी. भोपाळमध्ये भारत भवन 1982 साली सुरू झाले आणि जगदीश स्वामीनाथन यांनी भिल्ल, गोंड चित्रकारांना तेथे आणले. भुरीबाईंना पुढे 2021 साली पद्मश्री मिळाली. कागदाने या कलावंतांना नाव दिले. भिंतीवरच्या लखाऱ्याला सहसा ते नसते, म्हणून हा लाभ मी कमी लेखणार नाही. मात्र कलादालनात टांगलेल्या पिठोऱ्यासमोर बडवो येत नाही. तेथे शेजारी एक पाटी असते, तिच्यावर कलावंताचे नाव, वर्ष आणि लांबीरुंदी.