मावेजा, पट्टेदार आणि शिकमीदार

आमच्या मराठवाड्यात शेत सरकारात गेल्यावर मिळणाऱ्या पैशाला ‘मोबदला’ कमी आणि ‘मावेजा’ जास्त म्हणतात. उर्दूतला ‘मुआवजा’ तो हाच. त्याचे मूळ अरबी ‘इवज’, आणि आपला ‘ऐवजी’ही त्याच घरातला. जमिनीऐवजी पैसे, इतका साधा अर्थ. भांडण सुरू होते ते पैसे कोणाच्या हातात पडायचे यावरून.

उर्दू शिकवतो म्हणून लोक माझ्याकडे निजामकाळचे कागद वाचून घ्यायला येतात. मागच्या वर्षी दोन चुलतभाऊ आले. रस्त्यात जमीन गेलेली, सातबारावर एकाच्याच वडिलांचे नाव. दुसऱ्याने पिशवीतून पिवळा पडलेला कागद काढला. शिकस्ता लिपी, निम्मी शाई उडालेली. त्यात पट्टेदार म्हणून थोरल्याचे नाव होते आणि खाली धाकट्याचे, ‘शिकमीदार’ म्हणून.

हा शब्द समजून घेण्यासारखा आहे. फारसीत ‘शिकम’ म्हणजे पोट. हैदराबाद संस्थानाच्या १३१७ फसलीच्या (म्हणजे सुमारे १९०७-०८) जमीन महसूल कायद्यात सारा भरण्याची जबाबदारी पट्टेदारावर होती, आणि त्याच्यासोबत जमिनीत हक्क असलेला तो शिकमीदार. सरकारला वसुलीसाठी एक माणूस हवा होता, तो मिळाला. बाकीचे हिस्सेदार त्याच्या पोटात राहिले. (याच कायद्यातला ‘आसामी शिकमी’ वेगळा, तो कूळ. दोघांची गल्लत करून वकिलांनीही युक्तिवाद केलेले मी ऐकले आहेत.) पुढे संस्थान गेले, सातबारा आला. बऱ्याच घरांत वर आले ते पट्टेदाराचेच नाव. जमीन कसली जात होती, ज्वारी वाटून घेतली जात होती, तोवर कोणी विचारले नाही.

मग १९६५ मध्ये पैठणला जायकवाडीची पायाभरणी झाली, आणि पुढे धरणे, कालवे, रस्ते यांसाठी भूसंपादन होत राहिले. कायदा इंग्रजांचा, १८९४ चा. त्यात हिस्सेदारांच्या वादाची सोय नव्हती असे नाही. कलम ३० प्रमाणे वाटणीचा तंटा जिल्हाधिकारी न्यायालयाकडे पाठवू शकत असे. कलम ३१ मध्ये तर स्पष्ट होते, की पैसे एकाने उचलले म्हणून खऱ्या हक्कदाराला ते देण्याची त्याची जबाबदारी संपत नाही. पण हे ठाऊक कोणाला? नोटीस नाव असलेल्याला यायची, आणि तो घरात सांगेलच असे नाही. एक दिलासा सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये ए. विश्वनाथ पिल्लई खटल्यात दिला: एका सहहिस्सेदाराने वाढीव मावेजा मागितला तर त्याचा लाभ इतरांनाही मिळतो.

आपल्या मुस्लिम घरांत आणखी एक गोष्ट. १९३७ च्या शरियत कायद्याने शेतजमीन वगळली, कारण तो विषय प्रांतांकडे होता. त्याचा आधार घेऊन ‘शेतात बहिणीला वाटा नाही’ असे सांगणारे भेटतात. ते खरे नाही. वेगळी रूढी सिद्ध झाली नाही, तर शेताचेही वाटे फराइजच्या हिशेबानेच पडतात.

त्या दोघा भावांना मी कागद वाचून दाखवला आणि सांगितले, की महसुली नोंद म्हणजे मालकी नव्हे. महामार्गाच्या १९५६ च्या कायद्यात कलम ३ एच (४) आहे. हिश्श्याचा वाद असेल तर तो दिवाणी न्यायालयाकडे पाठवावा लागतो, आणि २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही हेच सांगितले. रक्कम उचलली जाण्याआधी लेखी हरकत द्या म्हटले.

तेवढ्यात धाकट्या घरचा मुलगा हळूच म्हणाला, “सर, फुफीचं काय?”

दोघांच्या वडिलांना एक बहीण होती, हयात आहे. मी वहीच्या मागच्या पानावर हिशेब मांडला. आजोबांमागे आजी, दोन मुलगे, एक मुलगी. चाळीस भाग केले तर आजीला ५, मुलांना १४-१४, मुलीला ७. नंतर आजी गेली, तिचे ५ तिन्ही मुलांत २, २, १. म्हणजे १६, १६ आणि फुफीचे ८. पाचवा हिस्सा.

थोरल्या घरचा म्हणाला, “तिने कधी मागितलं नाही.” नंतर खूप वेळ कोणी बोलले नाही. निघताना धाकट्याने ते पान फाडून मागितले. थोरल्याने मोबाइलवर त्याचा फोटो काढून घेतला.