कप्तानाची दुसरी पलटण

हिंगोली आज परभणी जिल्ह्यात नाही. १ मे १९९९ रोजी तिचा वेगळा संसार मांडून देण्यात आला. पण इतिहासाच्या जुन्या नकाशात हिंगोली परभणीचीच, आणि त्या नकाशातल्या परभणीला एक लष्करी अंग होते, हे आता फारसे कोणाच्या ध्यानात नसते. ज्वारी, कापूस, गोदाकाठची देवस्थाने आणि गंगाखेडची जनाबाई एवढ्यावर परभणीची ओळख आटोपते. निजामाच्या पैशाने पोसलेली आणि इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमतीखाली चालणारी जी 'हैदराबाद कंटिंजंट' फौज होती, तिची एक मोठी छावणी एकोणिसाव्या शतकात हिंगोलीला होती. या फौजेचा खर्च भागेना म्हणून १८५३ साली निजामाकडून वऱ्हाड लावून घेण्यात आले. म्हणजे उमरावती-अकोल्याच्या कपाशीने हिंगोलीच्या घोडेस्वारांचा पगार भरावा, असा तो व्यवहार! १९०३ च्या सुमारास ही फौज हिंदुस्थानी सैन्यात विलीन झाली, छावणी उठली, आणि बराकी ओस पडल्या.

जिथे छावणी तिथे करमणूक, हा जगाचा नियम आहे. आपला तमाशा पेशवाईच्या उत्तरकाळात लष्कराच्या तळांच्या आश्रयाने वाढला, असे त्याचे अभ्यासक सांगत आले आहेत. दिवसभर घोड्यावर अंग घुसळून निघालेल्या माणसाला रात्री ढोलकी हवी असते. पण शिपाई हा आपल्याकडे सदैव प्रेक्षक. तो दौलतजादा करील, शीळ घालील, फार तर फडात बसून डफ धरील. पण तलवार खुंटीला टांगून स्वतः बोर्डावर उभा राहणार नाही. शिपाईगिरी ही इभ्रतीची, नाचगाणे हे पोटासाठी, अशी एक भिंत आमच्या समाजाने बांधून ठेवली होती. ती भिंत कशी आणि कोणत्या वाटेने ओलांडली गेली, याचा विचार करताना माझ्यापुढे एक माणूस उभा राहतो. त्याचे नाव अच्युत पोतदार.

पोतदार परभणीचे नव्हेत. त्यांचा जन्म २२ ऑगस्ट १९३४ चा, जबलपूरचा. बालपण गेले इंदुरात. मग परभणीच्या माणसाने त्यांच्याकडे आपलेपणाने का पाहावे, असे कोणी विचारील. त्याला माझे उत्तर थोडे आडवळणाचे आहे. हैदराबादचा इंग्रज रेसिडेंट हेन्री रसेल याने उभारलेली 'रसेल ब्रिगेड' ही त्या कंटिंजंट फौजेची पूर्वज. २१ डिसेंबर १८१७ रोजी क्षिप्रेच्या काठी महिदपूरला होळकरांचा जो मोड झाला, त्या लढाईत ही ब्रिगेड इंग्रजांच्या बाजूने लढली. पुढच्याच महिन्यात मंदसोरचा तह झाला, आणि होळकरांची राजधानी इंदूरला स्थिर झाली. ज्या इंदुरात पोतदार वाढले, ते राजधानीचे इंदूर घडवण्यात आमच्या मुलखातून गेलेल्या पलटणींचा असा उलटा हातभार आहे! इतिहासाचे नाते हे नेहमीच प्रेमाचे असते असे नाही.

पण खरे साम्य निराळेच आहे. इंदूरची मराठी घरे आणि परभणीची मराठी घरे ही दोन्ही परभाषेच्या शेजारात नांदली. तिकडे हिंदी आणि माळवी, इकडे निजामी अमदानीतली उर्दू. शाळा-कचेरीची भाषा एक, देवघराची दुसरी. पुण्या-मुंबईचा नट हिंदी बोलू लागला की त्याचे मराठीपण जिभेवरून डोकावते. मध्य हिंदुस्थानातल्या मराठी माणसाचे तसे होत नाही. त्याची हिंदी ही शिकलेली नसते, अंगणात सापडलेली असते. पोतदारांना पुढे हिंदी पडद्यावर जी हक्काची जागा मिळाली, तिचे अर्धे श्रेय मी तरी या अंगणाला देतो.

शिक्षण झाल्यावर ते रीव्याला प्राध्यापक झाले. नंतर सैन्यात गेले, आणि १९६७ साली कॅप्टनच्या हुद्द्यावरून निवृत्त झाले. ही साले जरा लक्षात घ्यावीत. १९६२ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात चीनने जो धक्का दिला, त्याने या देशातला सुशिक्षित मध्यमवर्ग प्रथमच मोठ्या संख्येने गणवेशाकडे वळला. आणीबाणीच्या कमिशनवर शिक्षक, वकील, कारकून, नुकते पदवी घेतलेले तरुण भरती झाले. १९६५ चे पाकिस्तानशी युद्ध त्यांच्यातल्या अनेकांनी पाहिले. आणि ते संपल्यावर हजारोंना टप्प्याटप्प्याने मोकळे करण्यात आले. तिशीच्या आसपासचा माणूस, खांद्यावर तारे मिळवलेला, घरी परतायचा तो पेन्शनीशिवाय. शिकवायची सवय गेलेली, शेती असली तर भावांकडे, आणि हुकूम देण्याची सवय तर मुलकी जगात कवडीच्या मोलाची. आपल्या वाङ्मयात रणांगणावर पडलेल्या शिपायाला अश्रू पुष्कळ मिळाले. जिवंत परतून नोकरी शोधणाऱ्या कप्तानाची कथा मात्र फारशी कोणी लिहिली नाही.

पोतदारांना इंडियन ऑईलमध्ये नोकरी मिळाली. हे महामंडळ तेव्हा नवे होते. तेलशुद्धीकरणाची आणि विक्रीची दोन सरकारी मंडळे एकत्र करून १९६४ साली ते घडवलेले. तिथे त्यांनी पंचवीस वर्षे अधिकारी म्हणून काढली आणि १९९२ साली, अठ्ठावन्नाव्या वर्षी, रीतसर निवृत्त झाले. येथे कोणाही सभ्य गृहस्थाचे चरित्र संपावे. प्राध्यापकी, सैन्य, सरकारी तेल; तीन प्रतिष्ठित नोकऱ्या आणि वर निवृत्तीची रक्कम. परंतु याच नोकरीच्या पोटात एक चौथा धंदा निमूटपणे वाढत होता.

त्यासाठी १९७० नंतरच्या मुंबईकडे पाहावे लागते. अरविंद आणि सुलभा देशपांडे यांनी १९७१ साली 'आविष्कार' काढली, आणि दादरच्या छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये प्रायोगिक नाटकांचे दिवस सुरू झाले. सत्यदेव दुबे, विजया मेहता ही माणसे नटांना नव्याने घडवीत होती. या चळवळीचे एक वैशिष्ट्य असे की तिचे नट दिवसा कुठेतरी सही करीत. अमरीश पुरी राज्य कर्मचारी विमा महामंडळात होते, अंजन श्रीवास्तव बँकेत. पाच वाजता फाईल बंद करायची, लोकलने दादर गाठायचे, शाळेच्या बाकावर डबा खायचा, तालीम करायची आणि शेवटच्या गाडीने घरी जायचे! रंगभूमीचा इतिहास लिहिणारे नाटककारांची नावे देतात, दिग्दर्शकांची देतात. पण ही चळवळ महिन्याच्या एक तारखेला मिळणाऱ्या पगारावर चालली, हे कोणी ठळक अक्षरांत लिहीत नाही. विमा महामंडळ, बँक आणि तेल कंपनी हे त्या रंगभूमीचे नकळत झालेले आश्रयदाते होत. पूर्वी संस्थानिक नाटक मंडळ्यांना पोशीत, आता मस्टर पोशी, एवढाच फरक.

त्याच वर्तुळातून १९८० साली गोविंद निहलानी यांचा 'आक्रोश' निघाला. कथा-पटकथा विजय तेंडुलकरांची. एका आदिवासीवर बायकोच्या खुनाचा आरोप असतो आणि तो बोलतच नाही, असा हा चित्रपट. ओम पुरी, नसीरुद्दीन शाह, स्मिता पाटील, अमरीश पुरी अशी मंडळी. त्यात पोतदार पडद्यावर आले. वय शेहेचाळीस. हिंदी चित्रपटाच्या हिशेबाने हे नायकाच्या निवृत्तीचे वय! त्याच वर्षी 'अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है', पुढे १९८३ साली 'अर्धसत्य'. १९८८ साली दूरदर्शनवर 'भारत एक खोज' आणि 'वागळे की दुनिया'. त्यानंतर धंदेवाईक चित्रपटांनीही हा चेहरा उचलला: 'तेजाब', 'परिंदा', 'राजू बन गया जेंटलमन', 'रंगीला', 'वास्तव', 'परिणीता', 'लगे रहो मुन्नाभाई', मराठीत 'व्हेंटिलेटर'. चित्रपटांची संख्या सव्वाशेवर गेली. या गणतीतला १९९२ पर्यंतचा भाग नोकरी सांभाळून झालेला आहे. सरकारी उपक्रमात मानधनाचे बाहेरचे काम करणे म्हणजे काय असते, अर्ज, परवानगी, शिल्लक रजा यांचा केवढा जमाखर्च असतो, हे ज्याने भोगले त्याला ठाऊक.

पाश्चात्यांकडे सैनिकाचा नट होतो तेव्हा तो बहुधा पुन्हा सैनिकच होतो. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतली बहुतेक सगळी शौर्यपदके मिळवलेला ऑडी मर्फी १९५५ च्या 'टू हेल अँड बॅक'मध्ये स्वतःचीच भूमिका करून गेला. ली अर्मी हा नौदलाच्या पायदळातला कवायत शिकवणारा उस्ताद. 'फुल मेटल जॅकेट' (१९८७) या चित्रपटाला सल्लागार म्हणून बोलावला गेला आणि त्याच्या शिव्यांची लय ऐकून त्यालाच उस्तादाचे काम देण्यात आले. तिकडे गणवेश हेच भांडवल. आमच्याकडे उलटी गंमत आहे. 'हकीकत'पासून (१९६४) आजतागायत पडद्यावर सरहद्द राखली ती ज्यांनी बंदूक चित्रीकरणापुरतीच धरली अशांनी. आणि खरा कप्तान लोकांच्या स्मरणात राहिला तो प्राध्यापक, बाप, हेडमास्तर, न्यायाधीश, शेजारचे काका म्हणून. नाना पाटेकरांचे उदाहरण याच्या अगदी विरुद्ध टोकाचे: ते आधी नट, 'प्रहार'च्या (१९९१) निमित्ताने लष्करात वावरले, प्रादेशिक सेनेत मानद कॅप्टन झाले आणि १९९९ साली कारगिलच्या वेळी सीमेवर गेले. एक कप्तान पडद्यावरून छावणीत गेला, दुसरा छावणीतून पडद्यावर आला. आणि वाटेत दोघांची भेट झाली असती तर दुसऱ्याला कोणी ओळखले नसते!

पण पोतदारांच्या अभिनयात लष्कर नव्हते असे कोणी समजू नये. ते गणवेशात नव्हते, कण्यात होते. त्यांचा म्हातारा कधी ढेपाळून बसत नाही. तो बोलण्यापूर्वी क्षणभर थांबतो, समोरच्याकडे सरळ पाहतो, आणि वाक्य संपले की संपवतो. छोट्या भूमिकेतले नट पुष्कळदा मिळालेल्या दोन मिनिटांत सारे आयुष्य ओतायला पाहतात, आणि ती दोन मिनिटे नासतात. पोतदारांनी हे कधी केल्याचे मला आठवत नाही. वाटणीला आलेली चौकी सांभाळायची, शेजारच्या चौकीत घुसायचे नाही, ही शिस्त नाटकशाळेत क्वचितच शिकवली जाते.

राजकुमार हिरानी यांच्या 'थ्री इडियट्स'मधला (२००९) वर्ग आठवा. प्राध्यापक यंत्राची व्याख्या विचारतात. विद्यार्थी साध्या भाषेत, पँटच्या चेनचे उदाहरण देऊन सांगतो. प्राध्यापक संतापतात, त्यांना पुस्तकातली व्याख्या हवी. दुसरा विद्यार्थी ती घडाघडा म्हणतो आणि शाबासकी घेतो. पहिल्याला बाहेर काढतात. तो दारातून परततो, काय विसरले ते पुस्तकी भाषेत सांगू लागतो, आणि प्राध्यापकांना एक अक्षर कळत नाही. शेवटी ते हताश होऊन, बाबा रे तुला म्हणायचे तरी काय आहे, अशा अर्थाचे चार शब्द बोलतात. विसरलेली वस्तू असते पुस्तके! या चार शब्दांनी पोतदारांना जी कीर्ती दिली ती सव्वाशे चित्रपटांनी दिली नव्हती. तरुण मुले ते शब्द चित्रासकट एकमेकांना पाठवू लागली. त्यातला विनोद सगळ्यांना कळतो. मला मात्र त्या चेहऱ्यावर राग ओसरून जी खरीखुरी गोंधळलेली कळकळ येते, ती थोर वाटते. हा मास्तर दुष्ट नाही. तो एका रीतीचा कैदी आहे. रीव्याच्या वर्गात ज्याने फळ्यापाशी खरोखरच उभे राहून पाहिले होते, त्यालाच हा मास्तर इतक्या ममतेने हास्यास्पद करता आला.

आता एका कडू गोष्टीकडे वळतो. २०२० साली महामारीमुळे चित्रीकरण बंद पडले आणि मे अखेरीस सरकारने ते पुन्हा सुरू करण्याचे नियम काढले, तेव्हा त्यांत पासष्ट वर्षांवरील कलावंतांना चित्रीकरणस्थळी येण्यास मनाई होती. हेतू काळजीचा असेल. परंतु दुकान उघडायला, कचेरीत जायला वृद्धाला जी मोकळीक दिली ती नटाला नाही, हा पंक्तिप्रपंच कशासाठी? एका सत्तर वर्षांच्या कलावंताने आणि निर्मात्यांच्या संघटनेने मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली, आणि ७ ऑगस्ट २०२० रोजी न्यायालयाने ती अट रद्द केली. छोट्या भूमिका करणाऱ्यांना रोजावर पैसे मिळतात. त्यांना घरी बसवणे म्हणजे उपाशी बसवणे, हे न्यायालयापुढे मांडावे लागले. पोतदार त्या वेळी शहाऐंशीला टेकले होते, आणि झी मराठीवर त्याच वर्षी सुरू झालेल्या 'माझा होशील ना' या मालिकेत अप्पांचे काम करीत होते. पोट त्यांचे कदाचित नोकरीच्या पुंजीवर भागले असते. त्यांच्यासारख्याच दहा जणांचे भागले नसते.

त्यांच्या मागून त्या वाटेने आलेल्यांत मेजर बिक्रमजीत कंवरपाल यांचे नाव घेतले पाहिजे. २००२ साली सैन्यातून बाहेर पडून ते नट झाले, आणि त्यांच्या वाट्याला अधिकाऱ्यांच्या, मंत्र्यांच्या भूमिका पुष्कळ आल्या. १ मे २०२१ रोजी महामारीनेच त्यांना नेले. वय अवघे बावन्न.

अच्युत पोतदार १८ ऑगस्ट २०२५ रोजी ठाण्यात वारले. एक्क्याण्णवाव्या वाढदिवसाला चार दिवस उरले होते. दुसऱ्या दिवशीच्या बातम्यांत 'थ्री इडियट्स'चे प्राध्यापक हा मथळा होता. कॅप्टन हा हुद्दा शोधायला बातमीच्या तळाशी जावे लागले.